पिक्टांचे मूळ आणि स्कॉटिश वंशावळी

स्कॉटलंड सोडून कॅनडा, अमेरिका, ऑस्ट्रेलिया अशा दूरदेशी स्थायिक झालेल्या कुटुंबांचे वंशज आज मोठ्या उत्कंठेने आपले कूळमूळ शोधीत आहेत, आणि लाळेचा नमुना प्रयोगशाळेकडे धाडून आपल्या अंगी पिक्टांचे, म्हणजे उत्तर ब्रिटनमधील प्राचीन लोकांचे, रक्त किती टक्के, असेही विचारू लागले आहेत. ही जिज्ञासा आदरणीय आहे. तिचे समाधान मात्र टक्केवारीने होणार नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

वंशशोधकाच्या बाबतीत स्कॉटलंडचे सरकारी दप्तर विलक्षण उदार आहे. 1 जानेवारी 1855 पासून तेथे जन्म, विवाह व मृत्यू यांची नोंद सक्तीची झाली, आणि त्या पहिल्या वर्षाच्या जन्मनोंदीत आईबापांची वये व जन्मस्थाने, त्यांच्या विवाहाचे स्थळ व तारीख, इतकेच नव्हे, तर बालकाची आधीची भावंडे किती हयात व किती मयत, हेही नमूद केलेले आढळते. एवढा तपशील लिहिण्याचा भार पेलेना, म्हणून पुढच्याच वर्षी तो कमी झाला. तरी मृत्यूच्या दाखल्यात मृताच्या आईचे माहेरचे आडनाव राहिले, हे केवढे उपकारक! त्यामागे चर्चच्या जुन्या नोंदवह्या आहेत. त्यांतील सर्वांत जुनी पर्थशायरमधील एरल गावची, 1553 पासूनची. सामान्य घराण्याची कागदोपत्री वाट बहुधा येथेच खुंटते.

तेथून पिक्टांपर्यंत सात-आठशे वर्षांचे अंतर उरते, आणि ते कल्पनेने भरून काढण्याचा मोह जुनाच आहे. इ. स. 297 च्या एका रोमन स्तुतिपर भाषणात प्रथम उल्लेखिलेल्या या लोकांना बीड या विद्वान भिक्षूने 731 मध्ये काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील सिथियातून आणले आणि त्यांच्यात संशयाच्या प्रसंगी राजपद मातृवंशाने ठरे, असे लिहिले. 1320 च्या आर्ब्रोथच्या जाहीरनाम्याने, म्हणजे स्कॉटिश सरदारांनी पोपला लिहिलेल्या पत्राने, तर स्कॉटांनाच सिथियाचे ठरवून पिक्टांचा समूळ नाश केल्याची प्रौढी मिरविली. परंतु ज्याच्याकडे या विनाशाचे श्रेय परंपरेने दिले जाते, तो केनेथ मॅकअल्पिन 858 मध्ये मरण पावला, तेव्हा आयरिश वृत्तांतकारांनी त्याला पिक्टांचा राजा म्हणूनच नोंदविले. बदलले ते राज्याचे नाव; माणसे तेथेच राहिली.

2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात फाइफमधील लुंडिन लिंक्स व ईस्टर रॉसमधील बॅलिंटोर येथील पिक्टकालीन अस्थींचा जीनोम अभ्यासण्यात आला. त्याचे नाते ब्रिटनमधील लोहयुगीन लोकांशी जुळले, सिथियाशी नव्हे; आणि लुंडिन लिंक्सच्या सात व्यक्तींत निकटचे मातृवंशीय नाते आढळले नाही. आजच्या लोकांपैकी पश्चिम स्कॉटलंड, वेल्स, उत्तर आयर्लंड व नॉर्थम्ब्रिया येथील जनांशीही त्याचे साम्य दिसले. जो वारसा इतक्या प्रांतांत विखुरला आहे, त्यातून एका माणसाचा पिक्ट अंश टक्क्यांत काढून देणे हे शास्त्र नव्हे, सौदा आहे.

पिक्टांची खरी सनद दगडावर कोरलेली आहे. अँगसमधील ॲबरलेम्नोच्या चर्चच्या आवारातील शिळेवर एका बाजूस क्रूस, तर दुसऱ्या बाजूस घोडेस्वार, भालाईत आणि नाकावर पट्टी उतरलेली शिरस्त्राणे घातलेले योद्धे यांची लढाई असून, खालच्या कोपऱ्यात पडलेल्या वीरावर एक पक्षी चोच मारीत आहे. ज्यांना पिक्टांची ओढ आहे त्यांनी ती प्रत्यक्ष पाहावी. हिवाळ्यात तेथील शिळा लाकडी पेट्यांनी झाकलेल्या असतात, म्हणून उन्हाळ्यातच जावे.