काकूच्या बांगड्या

परवा काकूला घेऊन पवनारला गेले होते. वर्ध्याहून जवळच, धाम नदीच्या काठी विनोबांचा आश्रम. १९५९ साली विनोबांनी इथे बहिणींसाठी ब्रह्मविद्या मंदिर सुरू केलं. साधी खादी, अंगावर दागिना नाही. आणि तिथेच, जमीन खणताना सापडलेल्या वाकाटककाळातल्या मूर्ती! पवनार म्हणजेच वाकाटकांची राजधानी प्रवरपूर, असं वा. वि. मिराशींचं मत.

वाकाटक म्हटलं की मला अजिंठा आठवतो. सतराव्या लेण्यात आरशात स्वतःला न्याहाळणारी ती राजस्त्री... आणि पहिल्या लेण्यातला पद्मपाणी! डोक्यावर मुकुट, गळ्यात मोती आणि चेहऱ्यावर केवढी करुणा. म्हणजे नटणं फक्त बायकांचं नव्हतं, आणि उथळ तर नव्हतंच.

मग दागिने सोडणं चूक का? मुळीच नाही. आपल्या वर्ध्याच्याच जानकीदेवी बजाज. गांधीजींच्या सांगण्यावरून त्यांनी सोनं अंगावरून उतरवलं, ते कायमचं. पण हातात होतं, म्हणून सोडता आलं ना? याला त्याग म्हणतात.

काकूने काहीच सोडलं नव्हतं. काका गेले त्या दिवशी आपल्याच घरातल्या बायकांनी तिच्या बांगड्या फोडल्या. मी दारात उभी होते. एक शब्द बोलले नाही. तेव्हा लहान होते असंही नाही, चांगली नोकरी करत होते!

२०२२ च्या मे महिन्यात कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेने अशा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. लगेच शासनानेही सगळ्या ग्रामपंचायतींना तसं करायला सांगितलं. एक गाव ठरवू शकतं, तर आपलं एक घर का नाही?

परतताना वर्ध्याच्या बाजारात काकू बांगड्यांच्या दुकानापाशी थांबली. "घेऊ या का?" मी विचारलं. "मला काय करायच्या आता," म्हणाली. पण नजर काही हटत नव्हती...

असो. पुढच्या महिन्यात घरात लग्न आहे. हे वाचणाऱ्या सगळ्या आत्या-मावश्यांना आधीच सांगून ठेवते. कासार येईल तेव्हा मी काकूला सगळ्यांत आधी बसवणार आहे. तिने नको म्हटलं तर तिची मर्जी. पण या वेळी तिला विचारायचं तरी!

कुणाला राग येणार असेल तर तो माझ्यावर काढा, तिच्यावर नको.