माइन्झने वाट पाहिली

यंदाही आपला फुटबॉल संघ पहिल्याच फेरीत हरला आणि 'प्रशिक्षक बदला' अशी पालकांची पत्रे आली. त्यांना आम्ही युर्गेन क्लॉप यांची हकीकत सांगू इच्छितो. लिव्हरपूलची नव्हे, त्याआधीची.

खेळाडू म्हणून क्लॉप बेताचेच. १९९० ते २००१ ते जर्मनीच्या माइन्झ क्लबकडून दुसऱ्या श्रेणीत खेळले; आधी आघाडीला, मग बचावफळीत. फेब्रुवारी २००१ मध्ये संघ खाली घसरत असताना क्लबने त्यांनाच प्रशिक्षक केले. संघ वाचला. २००२ मध्ये वरच्या श्रेणीची संधी एका गुणाने हुकली. २००३ मध्ये फ्रँकफर्टने अखेरच्या क्षणी गोल केले आणि ती अवघ्या एका गोलाच्या फरकाने गेली! आपल्याकडे एव्हाना हाती नारळ दिला असता. माइन्झने त्यांना ठेवले. २००४ मध्ये संघ प्रथमच बुंडेसलिगात पोहोचला. २००७ मध्ये पुन्हा खाली आला, तरी क्लॉप राहिले. २००८ मध्ये वर जाणे जमले नाही, तेव्हा मात्र निघाले. पुढची डॉर्टमुंडची विजेतेपदे मुलांना पाठच आहेत.

आपल्या सरांना मुले आठवड्यातून दोनच दिवस मिळतात, तीही शाळा सुटल्यावर दमलेली. सरांना निदान तीन वर्षे द्यावीत आणि तोवर मैदानाच्या कोपऱ्यातील खड्डे विश्वस्तांनी बुजवून घ्यावेत, अशी आमची विनंती आहे.