पडद्याचीच साक्ष, पडद्याविरुद्ध

दूरचित्रवाणीवर टीका करणारे पुष्कळ झाले. पण तिच्याच दृश्यांना तिच्याविरुद्ध साक्षीला उभे करण्याचे धाडस न्यूयॉर्कच्या डारा बर्नबॉम यांनी केले. वास्तुरचनेचे शिक्षण घेतलेल्या या कलावतीचे २०२५ मध्ये निधन झाले. त्यांची ‘टेक्नॉलॉजी/ट्रान्सफॉर्मेशन: वंडर वुमन’ ही १९७८-७९ मधील चित्रफीत जेमतेम सहा मिनिटांची आहे. तिच्यातील प्रसंग त्यांनी चित्रित केलेले नाहीत. ते एका लोकप्रिय मालिकेतून उचललेले आहेत.

मालिकेतील डायना ही साधी नोकरदार स्त्री स्वतःभोवती गिरकी घेते, डोळे दिपवणारा स्फोट होतो आणि ती महानायिका बनते. कथेच्या ओघात हा क्षण सहज निसटून जातो. बर्नबॉम यांनी कथाच वगळली आणि गिरकी व स्फोट पुन्हा पुन्हा दाखवले. काही आवर्तनांतच चमत्कार ओसरतो आणि त्यामागची यंत्रणा दिसू लागते. स्त्रीचे सामर्थ्य म्हणून जे विकले जाते, तो निव्वळ पोशाखबदल असतो. दुबळी स्त्री आणि दिव्य स्त्री, यांच्यामधल्या खऱ्या स्त्रीला तेथे जागाच नाही.

घरोघरी व्हीसीआर नव्हते, त्या काळी ही दृश्ये त्यांना या व्यवसायातील परिचितांमार्फत मिळवावी लागली. ही चित्रफीत सोहो भागातील एका केशकर्तनालयाच्या दर्शनी काचेत लावली गेली. येणारे-जाणारे हेच तिचे प्रेक्षक.

आज दृश्य मिळवणे सोपे झाले आहे. ते दाखवणे मात्र यंत्राच्या मर्जीवर आहे. यूट्यूबने २००७ मध्ये ‘कंटेंट आयडी’ ही प्रणाली आणली. ती दृश्यांतील साम्य ओळखते, वापरणाऱ्याचा हेतू ओळखत नाही. आपल्याकडेही १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातील कलम ५२ टीका व समीक्षेसाठी उचित वापराची मुभा देते. ‘टीका’ या नावाखाली सर्रास उचलेगिरी चालते, हा निर्मात्यांचा आक्षेप खोटा नाही. पण उचलेगिरी आणि समीक्षा यांतील फरक विवेकाने ठरवायचा असतो, केवळ जुळणीने नव्हे.

ग्रंथाच्या समीक्षकाला उतारा देण्याचा अधिकार आपण कधीच मान्य केला आहे. ज्या माध्यमाने आपल्या संध्याकाळी व्यापल्या, त्याच्या समीक्षकाला तो नाकारला, तर पडदा आपल्याला पाहत राहील. आपण त्याला कधी पाहणार?