सूर लावून बसलेला माणूस

गेल्या महिन्यात आमच्या बडोद्यात एका संस्थेची स्मरणिका निघाली. शहरातल्या जुन्या कलावंतांची तीत यादी आहे. गवयांना एकेक पान, सतारियांना अर्धे. आणि माझ्या वडिलांच्या नावापुढे दोनच शब्द आहेत: ‘हजेरीचे वादक’. यादी करणारे गृहस्थ सुशिक्षित आहेत, माझ्याशी सौजन्यानेच बोलले. म्हणाले, “मास्तर, राग मानू नका, पण तुमच्या वडिलांनी वाजवले तरी किती? मैफली किती, ध्वनिमुद्रिका किती?” मला तिथल्या तिथे उत्तर सुचले नाही. घरी परतताना सुचले, आणि तेही पनामा देशातल्या एका कोळ्याच्या मुलाच्या रूपाने. वाचकांना हे विचित्र वाटेल, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

2013 च्या सप्टेंबरात मी ताईकडे न्यू जर्सीत एडिसनला गेलो होतो. (बडोद्यातल्या निम्म्या घरांतले कोणी ना कोणी तिकडे आहे, तेव्हा पत्ता सांगायला नको.) 26 तारखेच्या रात्री भाच्याने मला ओढून दूरचित्रवाणीसमोर बसवले. बेसबॉल चालला होता. न्यूयॉर्कचा यांकी संघ चार-शून्याने मागे होता, म्हणजे सामना जवळजवळ गेलेलाच. तरी सगळे मैदान उभे राहून टाळ्या वाजवत होते, कारण कुंपणाआडचे दार उघडून एक त्रेचाळीस वर्षांचा सडपातळ मनुष्य शांतपणे धावत आत येत होता. “बघ हं मामा, हा मारियानो रिव्हेरा. घरच्या मैदानावर शेवटचा.”

बेसबॉल हा क्रिकेटचा चुलतभाऊ समजावा. डाव नऊ, दर डावात प्रत्येक बाजूचे तीन गडी बाद व्हायचे. गोलंदाजाला तिथे पिचर म्हणतात. सामना सुरू करणारा एक असतो. तो थकला की दुसरा येतो, आणि एकदा बाहेर गेलेला त्या सामन्यात परत येत नाही. मागाहून येणाऱ्यांत जो अगदी शेवटचा, तो क्लोजर. आघाडी दोन-तीन धावांची उरलेली असताना नववा डाव सांभाळायचा एवढेच त्याचे काम. अशी राखलेली जीत ‘सेव्ह’ म्हणून मोजतात. या हिशेबाला अधिकृत मान्यता 1969 साली मिळाली आणि रिव्हेराचा जन्मही त्याच वर्षी नोव्हेंबरात झाला.

हा क्लोजर पहिले सात-आठ डाव करतो काय? मैदानाच्या कडेला एक आवार असते, त्याला बुलपेन म्हणतात. तिथे बसून राहतो. टेलिफोन वाजला की उठून हात गरम करायचा. पुष्कळदा हात गरम होतो आणि बोलावणे येतच नाही. संघाने आणखी चार धावा काढल्या किंवा हातचा सामना घालवला, की याची गरज संपली. मग अंगावर जाकीट चढवून घरी.

भाचा हे समजावून सांगत होता आणि मला अण्णा दिसत होते. अण्णा 1946 साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, आजोबांचे बोट धरून वाड्याच्या चाकरीत शिरले. वाद्य दिलरुबा. 1949 साली संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले, तरी आमच्या घरची ती चाकरी 1971 पर्यंत, म्हणजे संस्थानिकांचे तनखे बंद होईपर्यंत कशीबशी टिकली. काम काय, तर सायंकाळी साडेपाचला आतल्या दालनाबाहेर वाद्य जुळवून बसायचे. तरफेच्या सगळ्या तारा सुरात, गजाला राळ लावलेली. पावसाळ्यात वाद्याचे कातडे सैल पडे, हिवाळ्यात ताणले जाई, म्हणून तासातासाला पुन्हा जुळवणी. आतून वर्दी आली तर जायचे आणि वीस-पंचवीस मिनिटे वाजवायचे. न आली तर रात्री दहाला गवसणी घालून घरी. कित्येक आठवडे वर्दी येत नसे. (बेसबॉलच्या गोलंदाजाच्या पायाशीही राळेची पिशवी असते, बोटे चेंडूवरून घसरू नयेत म्हणून. ती पाहून मला हसू आले.)

आता त्या कोळ्याच्या मुलाचे सांगतो. पनामातले पुएर्तो काइमितो हे गाव मासेमारीचे. बाप बोटीवर कप्तान. पोरगा त्याच बोटीवर राबत होता आणि दुधाच्या खोक्यांचे हातमोजे करून खेळत होता. 1990 साली यांकींनी त्याला करारबद्ध केले तेव्हा त्याला इंग्रजी येत नव्हते. 1992 साली कोपरावर शस्त्रक्रिया झाली. 1995 मध्ये न्यूयॉर्कच्या मुख्य संघात आला तो सामने सुरू करणारा गोलंदाज म्हणून, आणि त्यात त्याला यश आले नाही. पुढच्या वर्षी मधल्या डावांत चमकला आणि 1997 पासून शेवटचा डाव त्याच्याकडे आला.

त्याच 1997 च्या उन्हाळ्यात एक गोष्ट घडली. साथीदाराबरोबर सहज चेंडूफेक करताना त्याचा सरळ जाणारा चेंडू शेवटच्या क्षणी आपोआप बाजूला कापू लागला. त्याला वाटले, हात बिघडला. प्रशिक्षकाबरोबर त्याने तो चेंडू सरळ करण्याची खटपट केली. होईना. मग दोघांनी नाद सोडला, आणि तो वाकडा चेंडू, ज्याला कटर म्हणतात, त्याच्यावर या गृहस्थाने सोळा वर्षे काढली. फलंदाजांना ठाऊक असे काय येणार ते. तरी डावखुऱ्यांच्या हाताजवळ चेंडू लागून बॅटी मोडत. निरोपाच्या वर्षी मिनेसोटाच्या संघाने त्याला मोडक्या बॅटींची झुलती खुर्ची करून भेट दिली. मी संगीत शिकवतो. पालक मला विचारतात, “मुलीला किती राग झाले?” नुसत्या यमनावर वर्ष घालवले तर शिकवणी बदलतात. त्यांना ती खुर्ची दाखवावीशी वाटते.

2019 साली रिव्हेराची अमेरिकन बेसबॉलच्या कीर्तिमंदिरात निवड झाली. 425 पैकी 425 मते. असे एकमत पूर्वी कोणालाच मिळाले नव्हते. बेब रूथला नाही, विली मेजला नाही. त्यावर पुष्कळांनी नाक मुरडले. आक्षेप अगदी आमच्या स्मरणिकावाल्यांचाच: याने खेळले किती? नियमित मोसमांत मिळून जेमतेम 1,283 डाव. जुन्या साय यंगने 7,000 हून अधिक टाकले होते. आक्षेपात तथ्य आहे, हे मी नाकारत नाही. सात डाव एकट्याने ओढणाऱ्याचे कष्ट वेगळे. शिवाय या ‘सेव्ह’च्या हिशेबापायी संघांनी आपला उत्तम गोलंदाज नवव्या डावासाठी झाकून ठेवला आणि सामने सातव्यातच घालवले, असेही घडते. पण मोजायचे असेल तर सगळे मोजावे. 652 सेव्ह, आजवर सर्वांत अधिक. अजिंक्यपदाच्या मोसमोत्तर सामन्यांत 141 डाव, आणि त्यांत त्याच्या खात्यावर पडलेल्या धावा अवघ्या 11. पाच अजिंक्यपदे. आणि या आकड्यांत कुठेही न आलेल्या त्या संध्याकाळी, हात गरम करून नुसते बसलेल्या. त्या कोणत्या रकान्यात भरणार?

बसून राहणाऱ्याची आणखी एक शिक्षा असते. त्याची चूक कोणी विसरत नाही. 4 नोव्हेंबर 2001, अजिंक्यपदाचा सातवा, निर्णायक सामना, ॲरिझोनात. रिव्हेराकडे नवव्या डावात दोन-एक अशी आघाडी आली. आठव्या डावात त्याने तिघांना बाद केले होते. नवव्यात एक फटका गेला, मग त्याची स्वतःचीच फेक चुकली, बरोबरी झाली, आणि लुइस गोन्झालेसचा धड न लागलेला चेंडू जवळच्या क्षेत्ररक्षकांच्या डोक्यावरून मागे पडला. तीन-दोन. पहिल्या आठ डावांत धावा न काढणाऱ्या फलंदाजांची नावे कोणाला आठवत नाहीत. पुढच्या वसंतात हा पुन्हा त्याच आवारात येऊन बसला आणि बारा वर्षे बसत राहिला.

अण्णांचेही एकदा असे झाले. तीन महिने वर्दी नव्हती. आली त्या रात्री मुख्य तारेची खुंटी सरकली. पाहुणे मोठे होते. दुसऱ्या दिवशी गावभर बोलबाला झाला, आणि मी शाळेत होतो तेव्हाही म्हातारे लोक मला “खुंटीवाल्यांचा मुलगा ना?” म्हणून विचारत. त्यापूर्वीच्या शेकडो सुरेल रात्रींची आठवण कोणी काढली नाही. अण्णा मात्र दुसऱ्या दिवशी साडेपाचला जागेवर होते. चाकरी सुटल्यावरही घरी रोज साडेपाचला ते दिलरुबा जुळवून बसत. कोण बोलावणार होते? मी लहानपणी विचारलेही. म्हणाले, “जुळवलेले असू दे रे.” 2006 साली ते गेले, त्या दिवशीही वाद्य सुरात होते.

एडिसनच्या त्या रात्री रिव्हेराने चार फलंदाज ओळीने बाद केले. नवव्या डावात दोन गडी झाल्यावर त्याला बाहेर न्यायला नेहमीप्रमाणे व्यवस्थापक आला नाही. त्याचे दोन जुने सोबती, पेटिट आणि जीटर, चालत आले. हा मनुष्य पेटिटच्या खांद्यावर डोके ठेवून लहान मुलासारखा रडला. भाचा माझ्याकडे बघून म्हणाला, “मामा, तुला काय झालं? तू तर आजच पाहिलंस ना याला?”

सोमवारी मी त्या गृहस्थांकडे पुढच्या आवृत्तीसाठी मजकूर नेऊन दिला: ‘दिलरुबा. 1946 ते 1971. रोज सायंकाळी साडेपाचला वाद्य जुळवून हजर.’ त्यांनी तो वाचला, चष्मा पुसला आणि कागद टेबलाच्या खणात ठेवला.