पैसे भरले म्हणजे अपील संपलं?

मामू दर महिन्याला फोनवर विचारतात, "बेटा, आपले सत्तर हजार आता मिळणारच नाहीत का?" मी सॉफ्टवेअर इंजिनिअर, वकील नाही. पण त्यांची फाईल वाचता वाचता दिवाणी प्रक्रिया संहिता उघडावी लागली.

मामूंनी दुकानासाठी ओळखीच्या व्यापाऱ्याकडून दोन लाख हातउसने घेतले होते. त्यातले सत्तर हजार रोख फेडले, पावती घेतली नाही. (कर्जाचा व्यवहार लिहून ठेवा, हे कुरआनातल्या सर्वांत लांब आयतीत आहे, ती तोंडपाठ असलेलेही पावती मागायला लाजतात.) दावा झाला, पूर्ण रकमेचा हुकूमनामा झाला. मामूंनी अपील केलं. भांडण फक्त त्या सत्तर हजारांचं होतं.

अपील दाखल झालं म्हणून वसुली थांबत नाही. आदेश 41, नियम 5 तसं स्पष्टच सांगतो. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि पैशाच्या हुकूमनाम्यात त्यासाठी रक्कम कोर्टात भरा किंवा तारण द्या, असं सांगितलं जातं. मामूंनी स्थगिती मागितलीच नाही. दरखास्त लागली, जप्तीची नोटीस आली, मामीचे दागिने मोडून सगळी रक्कम भरली. मग कुणीतरी म्हणालं, "पैसे भरले, आता अपील निरर्थक." मामूंनी अपील मागे घेतल्याची पुरसिस दिली.

अपील निरर्थक झालंच नव्हतं. जप्तीच्या धाकाने भरलेला पैसा म्हणजे कबुली नव्हे. अपिलात हुकूमनामा फिरला किंवा बदलला, तर कलम 144 प्रमाणे जादा गेलेली रक्कम परत मागता येते, व्याजासकट. भरणा करताना "अपिलाच्या निकालाच्या अधीन राहून" एवढे शब्द लिहिले असते तर शंकेला जागाच उरली नसती.

अपिलात खरोखर काही उरत नाही ते केव्हा? दोघांनी तडजोड करून ती कोर्टात नोंदवली, किंवा धनकोने वादातली रक्कम लेखी सोडून दिली, तेव्हा. अपील अंतरिम आदेशाविरुद्ध असेल आणि मूळ दाव्याचाच निकाल लागला, तरीही. लोकअदालतीत मिटवलं तर त्या निवाड्यावर पुन्हा अपील नाही, हे सही करण्याआधी माहीत हवं.

उलट बाजूही आहे. हुकूमनाम्याचे पैसे कोर्टाबाहेर परस्पर दिले, तर ते नोंदवून घेण्यासाठी ऋणकोला 30 दिवसांत अर्ज करावा लागतो. नोंद नसलेला भरणा दरखास्तीत धरत नाहीत. तीच रक्कम दुसऱ्यांदा वसूल होऊ शकते.

आमच्या ऑफिसात तिकीट बंद करताना कारण निवडल्याशिवाय पुढे जाताच येत नाही. पुरसिसमध्ये असा रकाना नसतो. कारण आपणच लिहायचं, नाहीतर समोरचा त्याला हवं ते समजतो.

मामूंची पुरसिस दोन ओळींची आहे: रक्कम भरली असल्याने अपील चालवणे नाही. खाली थरथरती सही. नव्या वकीलबाई म्हणाल्या, गैरसमजातून दिली असं सांगून अपील पुन्हा बोर्डावर घेण्याचा अर्ज करून बघू, पण फार आशा ठेवू नका. पुढच्या आठवड्यात मामूंना घेऊन त्यांच्याकडे जायचं आहे.