कंदपिकांच्या काढणी यंत्रांचे परदेशी भाव व गावातील खरेदी

कंदमुळे काढणाऱ्या यंत्रांचे निर्यात भाव चढत आहेत, अशा अर्थाचे वृत्तांत गेल्या काही वर्षांत व्यापारविषयक पत्रकांतून वरचेवर प्रसिद्ध होत असतात. त्यांचे मराठी सारांश खेड्यापर्यंतही पोहोचतात आणि मग बटाट्याच्या पट्ट्यातील एखाद्या शेतकरी गटात चर्चा सुरू होते, की भाव आणखी वाढण्यापूर्वी मोठे यंत्र घेऊन टाकावे. विक्रेत्याचा प्रतिनिधीही तेच सांगतो. या घाईस जो आधार दिला जातो तो फार कच्चा आहे आणि त्यावर विसंबून कर्ज काढणे गटाच्या हिताचे नाही.

प्रथम हा ‘सरासरी भाव’ कसा निघतो ते पाहणे अगत्याचे आहे. जगातील बहुतेक देशांच्या जकात खात्यांनी मालाचे वर्गीकरण एकाच पद्धतीने केलेले असून त्यात कंदमुळे काढणाऱ्या यंत्रांना ८४३३.५३ हा क्रमांक आहे. या एकाच क्रमांकाखाली बटाटा, शर्कराकंद, गाजर इत्यादी पिकांची सर्व काढणी यंत्रे येतात. ट्रॅक्टरमागे जोडून वरंबा उकरणारे साधे अवजारही त्यात येते, आणि बव्हेरियातील कारखान्यांतून निघणारे, एका वेळी सहा ओळी शर्कराकंद काढून स्वतःच्या टाकीत भरणारे, स्वतःच्या इंजिनावर चालणारे अजस्त्र यंत्रही त्यातच मोजले जाते. पहिल्याची किंमत लाख-दीड लाख रुपये, तर दुसऱ्याची पाच लाख युरोंच्या आसपास व त्याहूनही वर. बैलगाडी आणि मालमोटार यांची एकत्र सरासरी काढून ‘वाहनाचा भाव’ ठरवावा, तसाच हा प्रकार होय.

समजा, एखाद्या देशाने एका वर्षी पाच हजार युरो किमतीची ९० लहान यंत्रे आणि पाच लाख युरो किमतीची १० मोठी यंत्रे परदेशी पाठविली. एकूण किंमत ५४ लाख ५० हजार युरो झाली व सरासरी एका यंत्रास ५४ हजार ५०० युरो पडली. दुसऱ्या वर्षी लहान यंत्रे ८० व मोठी २० गेली. आता एकूण किंमत १ कोटी ४ लाख युरो आणि सरासरी १ लाख ४ हजार युरो. कोणत्याही यंत्राची किंमत एका युरोनेही वाढलेली नाही, तरी सरासरी मात्र जवळजवळ दुप्पट झाली! पत्रकात ‘भाव दुप्पट’ असे छापून येते ते अशा रीतीने. उलट वर्षी, लहान यंत्रे अधिक गेली तर ‘भाव कोसळले’ असे छापून येईल आणि तेही तितकेच फसवे असेल.

याचा अर्थ खरे भाव वाढलेच नाहीत असा नव्हे. २०२१ व २०२२ या वर्षांत पोलादाचे भाव आणि जहाजांचे भाडे फार चढले, २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर आक्रमण केल्यानंतर युरोपात वीज व इंधन महागले, आणि यंत्रे बनविणाऱ्यांनी तो बोजा गिऱ्हाइकावर टाकला. यात नवल नाही. परंतु सरासरी चढण्याचे याहून खोल कारण यंत्रांच्या आकारात आहे. या धंद्यात जर्मनी, बेल्जियम व नेदरलँड्स हे देश आघाडीवर आहेत. जर्मनीच्या दामे गावातील ग्रिमे हा कारखाना १८६१ साली लोहाराच्या भात्यापासून सुरू झाला. बेल्जियममधील रूसेलारे या एकाच गावात देवुल्फ व एव्हीआर हे दोन नामांकित कारखाने आहेत. हे सर्व प्रदेश स्वतः कंदपिकांचे आहेत, आणि तेथील यंत्रे तेथील शेतीसाठी घडली. तेथे शेतकऱ्यांची संख्या घटत गेली, शेते मोठी होत गेली आणि काढणीचे काम पुष्कळ ठिकाणी भाड्याने यंत्र चालविणाऱ्या ठेकेदारांकडे गेले. ३० सप्टेंबर २०१७ रोजी युरोपीय संघातील साखरेची उत्पादन-मर्यादा उठली. पाठोपाठ साखरेचे भाव पडले, काही कारखाने बंद झाले. अशा स्थितीत जो ठेकेदार टिकला त्याला थोड्या दिवसांत अधिक जमीन उरकणारे यंत्र हवे होते. यास्तव यंत्रे कमी पण मोठी विकली जाऊ लागली. त्या चढत्या सरासरीत तेथील शेतीचा इतिहास सामावलेला आहे. महाराष्ट्रातील चार-पाच एकरांच्या बटाटा उत्पादकाच्या गरजेशी तिचा संबंध फारसा नाही.

दुसरी गोष्ट चलनाची. २०२२ च्या सप्टेंबर महिन्यात एका युरोस सुमारे ७९ रुपये पडत होते. २०२५ च्या सप्टेंबरात १०० हून अधिक रुपये पडू लागले. म्हणजे एक लाख युरोंचे यंत्र, त्याचा परदेशी भाव तसूभर न हलताही, ७९ लाखांवरून एक कोटीवर गेले. आणि ही झाली केवळ यंत्राची किंमत. निर्यात करणारा देश सामान्यतः माल जहाजावर चढेपर्यंतचीच किंमत नोंदवितो. त्यापुढे समुद्रभाडे, विमा, न्हावाशेवा बंदरातील खर्च, आयात जकात, वस्तू व सेवा कर, विक्रेत्याचे कमिशन आणि गावापर्यंतची वाहतूक हे सर्व खरेदीदाराच्या माथी येते. पत्रकातील आकडा आणि गोठ्यासमोर उभ्या राहणाऱ्या यंत्राची किंमत यांत केवढे अंतर पडते, हे यावरून ध्यानी यावे. देशात एक सवलत मात्र खरीच मिळाली आहे. काढणी व मळणीच्या यंत्रांवरील वस्तू व सेवा कर २२ सप्टेंबर २०२५ पासून १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला. जुन्या दराने दरपत्रक देणारा विक्रेता भेटल्यास त्याला हे दाखवून द्यावे.

आता एकरी खर्चाचा हिशेब. खरा निर्णय येथेच व्हावयास हवा आणि बैठकींतून नेमका हाच टाळला जातो. पंजाब व गुजरातेत बनणारे, दोन वरंबे उकरणारे, सळ्यांच्या चालत्या पट्ट्याचे बटाटा काढणी यंत्र साधारणतः एक ते दोन लाख रुपयांच्या घरात मिळते. ते दीड लाखाचे धरू. आयुष्य दहा वर्षे व शेवटी मोडीची किंमत दहा टक्के धरल्यास वर्षाची घसारा रक्कम १३,५०० रुपये होते. सरासरी गुंतवणुकीवर दहा टक्क्यांनी व्याज ८,२५० रुपये आणि दुरुस्तीस पाच टक्के म्हणजे ७,५०० रुपये. एकूण २९,२५० रुपये वर्षाला. हे यंत्र एकट्याने दहा एकरांवर वापरले तर एकरी २,९२५ रुपये पडतात. गटाने शंभर एकरांवर फिरविले तर एकरी २९३ रुपये. ट्रॅक्टर, डिझेल व चालक यांचा खर्च अर्थातच निराळा.

याच रीतीने एक कोटी रुपयांस घरपोच पडणाऱ्या, दोन ओळींच्या, टाकी असलेल्या परदेशी यंत्राचा हिशेब केल्यास घसारा नऊ लाख, व्याज साडेपाच लाख आणि दुरुस्ती पाच लाख, मिळून वर्षाला साडेएकोणीस लाख रुपये होतात. शंभर एकरांवर हे एकरी १९,५०० रुपये झाले. एकरी खर्च दोन हजारांच्या आत आणण्यास त्याने हजार एकर काढले पाहिजेत. दिवसाला आठ एकर काम झाले असे धरले तरी त्यास १२५ दिवस लागतील, आणि महाराष्ट्रात एका हंगामाच्या काढणीस महिनाभर मिळाला तरी पुष्कळ. त्या महिन्यात २४० एकर होतील व एकरी आठ हजारांहून अधिक खर्च येईल. हे यंत्र वाईट आहे म्हणून नव्हे, तर त्याला पुरेल एवढे काम येथे एका हंगामात एका पट्ट्यात नाही, म्हणून ते महाग पडते. ‘महाग यंत्र म्हणजे चांगले यंत्र’ ही समजूत गटाच्या बैठकीत ज्याने प्रथम मोडून काढली, त्याने गटाचे मोठे काम केले असे म्हणावे लागेल.

जमिनीचा प्रश्नही विसरून चालणार नाही. युरोपात बटाट्याच्या ओळी ७५ किंवा ९० सेंटिमीटरवर असतात व यंत्रे त्या मापाने घडविलेली असतात. भारतात सर्वसाधारण शिफारस ६० सेंटिमीटरची आहे. त्यावर युरोपीय मापाचे यंत्र घातले तर एक वरंबा नीट निघेल व दुसरा मधोमध कापला जाईल. गुजरातेत डीसाच्या रेताड जमिनीत यंत्र सुरळीत चालते याचे कारण माती पट्ट्यावरून सहज गळून पडते. पुणे जिल्ह्यातील सातगाव पठारावर खरिपाचा बटाटा पावसाळ्याच्या अखेरीस निघतो. वाफसा नसेल तर चिकट माती सळ्यांमध्ये अडकते, आणि जमीन वाळून कडक झाली तर ढेकळे बटाट्याबरोबरच वर येतात. पुसेगावच्या बाजूलाही हाच अनुभव यावयाचा. शिवाय टाकीच्या जड यंत्रास ८० ते १०० अश्वशक्तीचा ट्रॅक्टर लागतो. गावातील बहुसंख्य ट्रॅक्टर ५० अश्वशक्तीच्या आतील आहेत. म्हणजे यंत्रामागोमाग नवा ट्रॅक्टरही आला.

विरुद्ध बाजूने एक म्हणणे मांडले जाते व ते दुर्लक्षिण्यासारखे नाही. साधे यंत्र बटाटा केवळ वर आणून जमिनीवर पसरते. वेचणी हातानेच करावी लागते आणि वेचणीस बायामाणसे मिळत नाहीत. मजुरी वाढत आहे, सणावारी मजूर येत नाहीत आणि एका पावसाने उघडा पडलेला माल सडतो. ही अडचण खरी आहे. पण तिच्यावर उपाय म्हणून थेट कोटीच्या यंत्राकडे उडी घेणे म्हणजे पायवाटेवरून चालणाऱ्याने एकदम आगगाडी विकत घेण्यासारखे होय. मधल्या पायऱ्या आहेत. उकरलेला माल एका बाजूस ओळीने सोडणारी यंत्रे देशातच बनतात आणि त्यामुळे वेचणीचे श्रम व वेळ बराच वाचतो. राजकोट येथील शक्तिमान या कारखान्याने ग्रिमेशी भागीदारी करून कंदपिकांच्या यंत्रांचे काम हाती घेतले. महिंद्र कंपनीने देवुल्फच्या सहकार्याने २०२० मध्ये बटाटा लागवडीचे यंत्र बाजारात आणले. परदेशी यंत्राचा अनुभव देशी मापात उतरविण्याचा हा मार्ग महाराष्ट्रातील गटांना अधिक मानवेल, आणि सुटा भाग मोडल्यास तो आठवड्यात मिळण्याचा संभव तरी राहील.

सुट्या भागांचा उल्लेख मुद्दाम केला. काढणी यंत्राचा फाळ, सळ्यांचा पट्टा आणि बेअरिंग ही मातीतच चालणारी अंगे असल्यामुळे झिजतातच. जकातीच्या नोंदीत सुटे भाग निराळ्या क्रमांकाखाली, ८४३३.९० मध्ये जातात, म्हणून यंत्राच्या निर्यात भावाच्या चर्चेत ते दिसतच नाहीत. शेतकऱ्याच्या खिशातून मात्र ते दर हंगामी जातात. पश्चिम युरोपात वापरून झालेली यंत्रे स्वस्तात मिळतात असे आमिष काही ठिकाणी दाखविले जाते. ती यंत्रे आजवर बव्हंशी पूर्व युरोपाकडे जात आली, कारण तेथे दुरुस्तीचे कारागीर व भाग जवळ आहेत. ऐन हंगामात पट्टा तुटून यंत्र वरंब्यात उभे राहिले, तर स्वस्ताईची किंमत त्या एका आठवड्यात वसूल होते.

अनुदानासंबंधी गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी शेतकऱ्यांना एक गोष्ट स्पष्टपणे सांगावयास हवी. २०१४-१५ मध्ये सुरू झालेल्या कृषि यांत्रिकीकरण उपअभियानात अवजारांवर ४० ते ५० टक्के अनुदानाची तरतूद करण्यात आली, परंतु प्रत्येक यंत्रास कमाल रकमेची मर्यादा ठरलेली असते. कोटीच्या यंत्राला निम्मे पैसे मिळतील ही कल्पना त्यामुळे निराधार आहे. ‘टक्के’ हा शब्द ऐकला जातो, ‘मर्यादा’ हा शब्द ऐकला जात नाही, आणि अर्ज भरून झाल्यावर निराशा होते. अवजारे बँकेच्या रूपाने गटाने एकत्र येऊन यंत्र घेण्यास अधिक अर्थ आहे, मात्र बँकेच्या नोंदवहीत कोणत्या तारखेस कोणाच्या किती एकरांवर यंत्र गेले ते लिहिले गेले पाहिजे. हे लिहिले नाही तर तीन वर्षांनी एकरी खर्च कोणालाच सांगता येत नाही, आणि भाडे कोणी किती द्यावे यावरून गट फुटतो.

यंत्र कोणतेही असो, मालाची इजा पुष्कळशी काढणीपूर्वीच्या कामावर ठरते. काढणीच्या दहा-बारा दिवस आधी पाला कापून टाकला म्हणजे साल पक्की होते व यंत्राच्या पट्ट्यावर सोलवटत नाही. बटाटा वीतभरापेक्षा अधिक उंचीवरून पडू देऊ नये. लागवडीच्या वेळी ओळींचे अंतर सर्व सभासदांनी एकच ठेवावे, कारण यंत्र दर शेताला आपले माप बदलीत नाही. रब्बीची लागवड करण्यापूर्वी गटाने एकत्र बसून हे अंतर ठरवावे, दोन-तीन विक्रेत्यांकडून नव्या कराच्या दराने दरपत्रके मागवावीत, शेजारच्या तालुक्यात एखादे यंत्र चालू असल्यास ते त्याच प्रकारच्या मातीत प्रत्यक्ष काम करताना पाहावे, आणि किती एकर निश्चित मिळतील त्याची सभासदांच्या सह्यांनिशी यादी करून मगच बँकेकडे जावे.