हप्ता झेपतो, म्हणून काय झालं?

भाड्यानं घर बघायला गेलं की आपलं नाव ऐकून दार बंद होतं. म्हणून आपली पोरं तिशीच्या आत घरकर्ज काढतात. ही घाई मला समजते. पण व्याज हराम की मजबुरी, यावर रात्रभर भांडणारे आपण परतफेडीचा तक्ता उघडूनही बघत नाही, हे मला समजत नाही.

एजंट विचारतो, "हप्ता किती झेपेल?" प्रश्नच फसवा आहे. ३० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं: हप्ता सुमारे २६,०३५ रुपये. पहिल्या हप्त्यातले २१,२५० व्याजात जातात, मुद्दल फिटतं जेमतेम ४,७८५. पाच वर्षांत साडेपंधरा लाख भरा, तरी मुद्दल २६ लाखांच्या वर बाकीच. "तीस वर्षांचं घ्या, हलकं पडेल." हप्ता तीन हजारांनीही उतरत नाही, एकूण व्याज मात्र साडेबत्तीस लाखांवरून ५३ लाखांवर जातं. याला हलकं म्हणायचं?

त्यात दर फ्लोटिंग. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ मध्ये रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. अनेकांचा हप्ता तोच राहिला, मुदत गुपचूप वाढली. हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा, असं रिझर्व्ह बँकेनं ऑगस्ट २०२३ मध्ये बजावलं. तुम्हाला विचारलं? नसेल तर लेखी मागा. फ्लोटिंग घरकर्ज आधी फेडलं तर दंड नाही. दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात टाकला तर वरच्या कर्जाची तीन वर्षांहून जास्त मुदत कापली जाते. बोनस आला की आधी तिकडे, शादीचा हॉल नंतर.